दौंडच्या ऑर्गनला लावलेलं कुलूप

हे सांगायला बसले की अजूनही माझा आवाज चढतो. चढू दे.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. मी शिरूरची, वडील एसटीत ड्रायव्हर. बारावी झाली त्याच वर्षी दौंडच्या मामीचं पाठीचं ऑपरेशन झालं. तिच्या घरात बाईमाणूस हवं होतं आणि कॉलेज दौंडलाही होतंच, म्हणून वडिलांनी मला मामाकडे पाठवलं. मामा रेल्वेत फिटर. त्याच्या क्वार्टरच्या मागे इंग्रजांच्या काळातलं दगडी चर्च होतं. एका संध्याकाळी दळण घेऊन तिथून येताना पायाखालची जमीन थरथरल्यासारखी झाली. आधी वाटलं मालगाडी आली. मग कळलं, हा आवाज आतून येतोय.

डबा दारात ठेवून मी आत गेले. भिंतभर उंच नळ्या, काही माझ्या मनगटाएवढ्या, काही खांबाएवढ्या. त्यांच्यासमोर पाठ करून एक अँग्लो-इंडियन म्हातारी वाजवत होती. रेल्वेच्या शाळेतून रिटायर झालेल्या मिस. बाजूला चर्चचा वॉचमन एक लाकडी दांडा वरखाली करत घामाघूम झाला होता. हवा भरणारी मोटर कधीचीच जळाली होती, त्यामुळे भाता हातानेच मारावा लागे.

"क्या देखता? हवा भरेगा?" मिसनी मान न वळवता विचारलं.

मी दांडा धरला. वर्षभर मी भाताच मारला आणि त्यातून मला ते वाद्य कळत गेलं. मी हात ढिला सोडला की सूर लगेच खाली यायचा. मग मिसनी मला बाकावर बसवलं. हातांना दोन ओळी पट्ट्या, पायांना वेगळ्या, आणि नळ्यांचे गट उघडायला दोन्हीकडे खुंट्या. शिकवता शिकवता त्या इतिहास सांगायच्या, अर्धा हिंदीत, अर्धा मराठीत. हे वाद्य चर्चसाठी जन्मलं नाही, येशूच्याही आधी इजिप्तमधल्या एका कारागिरानं पाण्याच्या दाबावर चालणारं यंत्र म्हणून ते बनवलं. रोमन लोक ते आखाड्यात, मारामाऱ्यांच्या वेळी वाजवत. चर्चनं कितीतरी शतकं त्याला दारात उभं केलं नाही. आणि पुढे इंग्लंडात धर्मवेड्यांनी चर्चमधलेच ऑर्गन फोडून नळ्यांचं शिसं वितळवलं. "लोग पागल है, बाळ," असं म्हणून त्या पुढचं पान उलटायच्या.

तिसऱ्या वर्षी मिसची बोटं संधिवातानं वाकडी झाली. नाताळच्या उपासनेला ही मुलगी वाजवेल, असं त्यांनी चर्चच्या कमिटीला सांगितलं. आम्हा दोघींना बोलावणं आलं.

सेक्रेटरी मराठी ख्रिश्चन होते, रेल्वेच्या ऑफिसातून निवृत्त झालेले. ते माझ्याकडे न बघता मिसना म्हणाले, "मुलगी गुणी आहे, पण आपली नाही. बाप्तिस्मा नाही. बाबासाहेबांचे लोक आहेत ते."

"ते" हा शब्द माझ्या कानात शिरला तो अजून निघालेला नाही.

मी म्हणाले, "सर, हे वाद्य ज्यानं बनवलं त्याचाही बाप्तिस्मा झाला नव्हता."

"आम्हाला इतिहास शिकवू नकोस," ते म्हणाले.

मिस उठल्या. "मग मी पण नाही," एवढंच बोलल्या. त्या नाताळात भाड्याच्या कीबोर्डवर तबल्याचा ठेका लावून गाणी झाली. मिस घरीच बसल्या. मीही.

घरी आल्यावर मी भांडी आपटत होते. मामानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "त्याचा आजा आन् माझा आजा नगरकडं एकाच महारवाड्यात ऱ्हात व्हते. एकाच विहिरीवरनं हाकलल्याली माणसं. त्यांनी तवा बाप्तिस्मा घेतला, आपुन मागनं दीक्षा घेतली. त्याला ठावं न्हाई, आसं वाटतंय व्हय तुला?"

मिस भर उन्हाळ्यात गेल्या. "माझ्या मयतीला तिनंच वाजवायचं," असं त्यांनी पाद्रींना सांगून ठेवलं होतं. पाद्री नवे होते, भले होते, भित्रे होते. मामा आणि मी पोचलो तेव्हा ऑर्गनच्या झाकणाला कुलूप.

"किल्ली सापडत नाही," सेक्रेटरी म्हणाले. शवपेटी तिथेच, चार हातांच्या अंतरावर. तिच्यासमोर खोटं बोलताना या माणसाची जीभ अडली नाही.

मामानं खिशातून स्क्रूड्रायव्हर काढला. "ऱ्हाऊ द्या किल्ली सायब. बिजागऱ्या हायेत की."

त्यानं झाकण उचलून भिंतीला टेकवलं आणि जाऊन दांडा धरला. मिसनी निवडलेलं गाणं शांत होतं, झोपलेल्या माणसाजवळ म्हणावं तसं. मी ते तसं वाजवलं नाही. सगळ्या खुंट्या ओढल्या. खिडक्यांच्या काचा खडखडल्या, माझ्या दोन पट्ट्या चुकल्या, तरी थांबले नाही. मिस असत्या तर बोटांवर रट्टा बसला असता. लोक उभे राहून गायले. सेक्रेटरीही गायले, आणि मला त्याचाच जास्त राग आला.

पुढे मी शिरूरला शाळेत नोकरीला लागले. लग्न झालं. काही वर्षांनी मामेभावाच्या हळदीला दौंडला गेले तेव्हा चर्चमध्ये डोकावले. ऑर्गनच्या जागी दोन मोठे साउंड बॉक्स. मागे भिंतीवर नळ्यांच्या आकाराचे फिकट पट्टे. वॉचमन म्हणाला, सेक्रेटरी सायबांनी टेम्पो बोलावला आन् भंगारात गेलं सगळं.

मी तशीच सेक्रेटरींच्या घरी गेले. ते व्हरांड्यात बसले होते, पार म्हातारे झालेले.

"ऑर्गनात उंदीर झाले होते," ते म्हणाले. "आणि वाजवणारं कोण होतं?"

"मी होते."

त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला.

"तुमच्या आजोबांना ज्या विहिरीवरून हाकललं, त्याच विहिरीवरून माझ्या पणजोबांना हाकललं," मी म्हणाले. "हे तुम्हाला माहीत होतं. माहीत असून तुम्ही मला दारात उभं केलं नाहीत."

आत बघत ते सुनेला म्हणाले, "बाईंना चहा ठेव."

"नको," मी म्हणाले आणि पायऱ्या उतरले. मागून त्यांनी बाळ म्हणून हाक मारली. तो शब्द मिसचा होता. मी वळून बघितलं नाही.