दुसऱ्यांदा मांडलेला पिंड

दहाव्याला गोदावरीच्या काठी चौघंच होतो. मी, माझा भाऊ रामदास, पिंड मांडणारे गुरुजी, आन् गेलेल्या बहिणीची, सिंधूची, एकुलती पोरगी चारू. चारूचा कॅमेरा धरला तर पाच.

चारू पिच्चर काढायची, पण गाण्याबिण्याचे नाय. स्वतःच्या घरातले. नुसता हात, नुसती भिंत, नुसता खोकला. मला म्हणायची, "मावशी, कॅमेऱ्याकडं बघू नको. तू आहेस तशीच राहा."

म्हटलं, "मग काय शेजारीण होऊ?"

हसायची. हसली की लय गोड दिसायची, खोटं कशाला बोलू.

आम्ही दोघी बहिणींनी दिंडोरीकडं द्राक्षाचे घड औषधात बुडवून बुडवून तिला शिकवली. बोटांची सालं निघायची. त्याचं काय नाय. पण सिंधू शेवटाला लागली तवा ही उशाशी कॅमेरा लावून बसली. मी पातेलं घासून आत आले तर सिंधू पाणी पाणी करतीय, आन् ही कॅमेऱ्याला डोळा लावून बसलेली. मी पाणी पाजलं. तर म्हणते, "मावशी, तू मधे आलीस."

दहाव्याला कावळा शिवेना. तास गेला. रामदास म्हणला, "आक्के, जीव पोरीत अडकलाय तिचा." मी हात जोडले. म्हटलं, "सिंधे, तुझ्या पोरीला मी टाकणार नाय. जा तू." तसा कावळा आला, घास उचलून गेला.

चारू म्हणली, "मावशी, मी लेन्स बदलत होते गं. परत मांडूया ना. तू परत बोल."

मी नाय बोलले. गुरुजीही नको म्हणले. मग तिनं उरलेला भात स्वतःच मांडला. घाटावरच्या कावळ्यांना भाताशी मतलब. आला एक.

नाशकात तिनं आम्हाला पिच्चर दाखवला. कावळा घास उचलतो, आन् वरनं चारूचा आवाज, "आईनं मला माफ केलं." लोकं रडली. मी उठून दाराशी गेले. तरी निघताना तिच्या हातात लाडवांचा डबा दिला. शब्द दिला होता ना. तिनं डबा खुर्चीवर ठेवला, आधी त्याचं शूटिंग केलं, मग पिशवीत टाकला.

आता ती लांबच्या देशात पिच्चर दाखवत फिरते. तुमच्याकडं आला तर बघा, मी बघू नका म्हणत नाय. फक्त तो कावळा सिंधूचा समजू नका.