सपाट बुडाची डवली

दुबईच्या देऱ्यात तेव्हा कोकणी घरं बोटांवर मोजण्याइतकी. आज जिथे करामा आहे तिथे नुसती वाळू होती, आणि अमिरात हे नावसुद्धा अजून कुणी ठेवलं नव्हतं. इतक्या थोड्या माणसांत कुणाचं काही झाकून राहत नसे. मैमुनाबीच्या हातातल्या हिरव्या बांगड्या तर सगळ्यांना खुपायच्या. नवरा नऊ वर्षं बेपत्ता, आणि ही बाई एक पिचली की दुसरी भरते, याचा लोकांना कोण त्रास! लोकांचं काय, त्यांना स्वतःचं सोडून सगळ्यांचं दुखतं.

नवरा याकूब परकार, दाभोळच्या खाडीकाठचा. मालवाहू जहाजावर भंडारी होता, म्हणजे खलाशांचा स्वयंपाकी. त्याच्या आधीची दोन मुलं गेली होती, म्हणून आईने नवस बोलून त्याचा डावा कान टोचला होता. मोठेपणी बाळी गेली, भोक राहिलं. हात मोठा कसबी. सुट्टीवर आला की अंगणात बसून करवंट्या घासायचा आणि डवल्या, म्हणजे भात-कालवण वाढायच्या पळ्या, करायचा. कोकणात करवंटीची डवली घरोघरी असते, पण याकूबची वेगळी ओळखू यायची. करवंटीचं बूड तो कानशीने घासून सपाट करायचा. जहाजावर डवली ठेवली की हेलकाव्याबरोबर लोळत जाते, आणि भंडारी अख्खी भट्टी सोडून तिच्यामागे धावतो. म्हणून ही युक्ती. जमिनीवर राहणाऱ्यांना तिचा काही उपयोग नव्हता. आळीतल्या बायका हसायच्या, म्हणायच्या, मैमुनाची डवली बघा, पाहुण्यासारखी बसते.

अठ्ठावन्न साली मुंबईहून कंपनीचं पत्र आलं. मेक्सिको देशात मांझानियो नावाच्या बंदरात याकूब परकार जहाजावरून उतरला तो परतला नाही. जहाज दोन दिवस थांबलं, मग निघालं. पाठोपाठ त्याची पत्र्याची पेटी आली. तिच्यात कपडे होते, जपाची तसबी होती, आणि एक अर्धी घासलेली करवंटी होती. मैमुनाबीला लिहिता-वाचता येत नव्हतं, पण ते बंदराचं नाव तिने गावच्या मास्तरांकडून दहा वेळा म्हणवून घेतलं आणि पाठ केलं.

तेव्हापासून ती रडली नाही. रडायची बंदी होती. सासू पहिल्याच दिवशी म्हणाली, "जित्या माणसाच्या नावाने टिपं गाळू नको, त्याला जड जाईल." मैमुनाबीने ते मनावर घेतलं. पाच वर्षांनी सासू अल्लाघरी गेली. तिच्यासाठीही ती बेतानेच रडली, कारण एकदा सुरू झालं तर कुणाकुणासाठी वाहील याची तिलाच खात्री नव्हती. मग धाकट्या भावाने, अजीजने, तिला दुबईला आणलं. इथल्या मौलवीसाहेबांनीही दोनदा निरोप धाडला, की बेटी, इतकी वर्षं ज्याचा पत्ता नाही त्याला मयत धरून इद्दत, विधवेचा दुखवटा, बसायला शरीयतची ना नाही. चार महिने दहा दिवस बस, मोकळी हो. मैमुनाबीचं उत्तर एकच, "खबर येऊ दे."

सदुसष्ट साली अजीज एका तेल कंपनीची गाडी चालवत होता. एक दिवस जेवताना म्हणाला, "बुबू, आमच्याकडे नवा इंजिनियर आलाय. जुमेऱ्यात बंगला दिलाय कंपनीने. त्याच्या मॅडमला घरात हेल्पला लेडीज पाहिजे. साहेब पंधरा-पंधरा दिवस समुद्रात रिगवर, आणि ती बिचारी एकटी. जाशील? मेक्सिकोची आहे."

मैमुनाबीने भाताचा घास तसाच ताटात ठेवला. "मेक्सिकोत कुठली?"

"मला काय ठाऊक? बड़ा मुल्क है."

अजीज लबाड नव्हता, फक्त विसराळू होता. बहिणीचं दुःख त्याला माहीत होतं, त्या दुःखाचा पत्ता लक्षात नव्हता.

पहिल्याच दिवशी मैमुनाबीने विचारलं. त्या बाईचं नाव एल्विरा. दोघींचं इंग्रजी सारखंच फाटकं, त्यामुळे भाषेचा कुणाला कुणाचा धाक नव्हता. "मॅडम, युवर व्हिलेज?" एल्विरा म्हणाली, "मांझानियो. समुद्राकाठी." मैमुनाबीने मोरीचा कठडा घट्ट धरला आणि नळ सोडून दिला. पुढे महिनाभर ती रोज तोंड उघडायची आणि साबण संपलाय एवढंच सांगायची. प्रश्न विचारला की उत्तर येतं, आणि नऊ वर्षं माणूस ज्यावर जगलं ते उत्तराने क्षणात हिसकावून घेतलं तर? त्यापेक्षा भांडी घासलेली बरी.

मग एल्विराची मोठी लाकडी खोकी जहाजाने आली. बाईचा चेहराच पालटला. तिच्या वडिलांची मांझानियोत खानावळ होती, आणि मुलगी असताना ती पाहुण्यांना गाडीत घालून दिवसभर फिरवून आणायची: या गावात हे खा, त्या गावात ते प्या, तिसऱ्या गावात कुंभार बघा. ती म्हणाली, "मायमूना, उद्या शुक्रवार. उद्या तू काम नाही करायचं. उद्या तू पाहुणी. मी तुला माझा देश दाखवते, सकाळपासून संध्याकाळपर्यंत."

"देश? कुठे?"

"इथेच. प्रत्येक खोलीत एक प्रांत."

वेड्याला वेडं भेटतं ते असं. एकीला दाखवायला कुणी नव्हतं आणि दुसरीचा बघायचं म्हणून जीव टांगणीला लागला होता. एल्विराने तिला मागच्या दाराने येऊच दिलं नाही. वळसा घालून पुढच्या दारात उभं केलं, घंटी वाजवायला लावली, आणि स्वतः आतून धावत येऊन दार उघडलं.

"माझा समुद्रकाठ शेवटी," ती म्हणाली. "घर नेहमी शेवटी दाखवायचं."

मैमुनाबीने मान हलवली. चपला दारात काढून ती पहिल्या प्रांतात शिरली.

पहिला प्रांत स्वयंपाकघर. तिथे एल्विराने चुन्याच्या पाण्यात रात्रभर भिजवलेला मका ठेवला होता, आणि जमिनीवर तीन पायांचा दगडी पाटा. पाटा पाहून मैमुनाबीला राहवलं नाही. तिने एल्विराला बाजूला सारलं, ओढणी खोचली आणि वाटायला बसली. पाहुणी-बिहुणी सगळं विसरली. दगडावर दगड घासल्याचा तो आवाज तिने दाभोळ सोडल्यापासून ऐकला नव्हता. एल्विरा टाळ्या पिटत म्हणाली, "तुला कुणी शिकवलं?" मैमुनाबी म्हणाली, "आईने. तुला?" "आईने." मग त्या पिठाच्या तळहाताएवढ्या भाकऱ्या झाल्या. मैमुनाबीने मनातल्या मनात नाव ठेवलं, की एवढ्याशा भाकरीने आमच्याकडचा खलाशी दात तरी कोरेल का. पण सहा खाल्ल्या. कोको आणि मिरच्या एकत्र वाटून केलेलं काळं कालवण मात्र तिने बोट बुडवून चाखलं आणि दोन्ही डोळे मिटले. आवडलं की नाही, ते अजूनही ठरलेलं नाही.

दुसरा प्रांत जेवणाची खोली. तिथे बाटल्या होत्या. मैमुनाबी दारातच थबकली. एल्विरा समजली, तिने पेला भरला नाही, नुसतं बूच काढून वास दिला. विझलेल्या चुलीवर पाणी मारल्यावर येतो तसा वास होता. डोंगरातल्या कुठल्याशा काटेरी झाडाचा गड्डा खड्ड्यात भाजून ही दारू काढतात म्हणे. "आणि आमच्या किनाऱ्यावर," एल्विरा म्हणाली, "माणूस माडावर चढतो, फुलोऱ्याची पोय कापतो, खाली मडकं बांधतो. सकाळी रस गोड असतो. दुपारी चढतो."

"माडी!" मैमुनाबी ओरडलीच. "नीरा! तुमच्याकडे माड आहेत?"

"माडच माड."

मग मात्र तिला खुर्चीवर बसावं लागलं. नऊ वर्षं तिने मांझानियोत काय काय कल्पिलं होतं! बर्फ, काळे डोंगर, बंदुका घेतलेली माणसं. माड तिच्या डोक्यातच आले नव्हते. तो माडांखाली असेल तर निदान सावलीत तरी असेल, असं वाटून तिला इतकं बरं वाटलं की तिची तिलाच लाज वाटली.

व्हरांड्यात तिसरा प्रांत: काळ्या मातीची मडकी, टोपल्या, मोठमोठ्या फुलांचं भरतकाम केलेले झगे. एल्विराने एक झगा तिच्या अंगाला लावून बघितला. मैमुनाबी हसली, टाका उलटून बघितला, चांगला आहे म्हणाली. पण चित्त थाऱ्यावर नव्हतं. तिसऱ्या प्रहरी अस्रची अजान झाली. तिने नमाज पढली, आणि दुआत काय मागावं हे न सुचून नुसतेच हात धरून बसली.

शेवटी एल्विराने आपल्या निजायच्या खोलीचं दार उघडलं. "माझं घर," ती म्हणाली. पलंगावर तिने समुद्रकाठ मांडला होता. शिंपले, मिठाची पुरचुंडी, चिंचेच्या गोळ्या, खोबऱ्याच्या वड्या. आईवडिलांचा फोटो. आणि त्या सगळ्याच्या मधोमध, कशाचा आधार न घेता, पाहुण्यासारखी बसलेली एक डवली.

मैमुनाबीने ती उचलली. उलटी केली. बूड सपाट होतं. दांडा दोन भोकांतून आरपार काढून पाचर मारलेली होती, आणि पाचर उजवीकडून होती, जशी तो मारायचा.

"ही कुणी केली?"

"ती? आमच्या धक्क्यावरचा मासेवाला. मासे आणि भात विकतो. दुपारी गिऱ्हाईक नसलं की या करत बसतो. आईने मला लग्नात दिली." एल्विरा हसली. "मजेदार माणूस आहे. दूर कुठलासा आहे. डुकराचं मांस शिवत नाही. एका कानाला भोक आहे आणि बाळी नाही."

"बायको?"

"आहे ना. लूपे. तीन मुली. मोठीचं नाक अगदी त्याचं."

मैमुनाबीच्या हातात डवली तशीच होती. समोरची बाई आपल्या गावाच्या आठवणीत इतकी रमली होती, की तिला काही दिसत नव्हतं. ती सांगत गेली, "संध्याकाळी धक्क्यावर समुद्राकडे बघत बसतो. तो नवा नवा आला होता तेव्हा मी एकदा विचारलं, काय बघतोस? म्हणाला, तिकडे माझा मुलूख आहे. मी म्हटलं, मग जात का नाहीस? तर म्हणाला, कुणाकडे जाऊ? माझं तिकडे कुणी उरलं नाही. सगळे मेले."

सगळे मेले. म्हणजे आई, जी तेव्हा जिवंत होती आणि रोज नमाजेनंतर त्याचं नाव घेत होती. आणि ही. इथे उभी असलेली, सहा भाकऱ्या खाल्लेली, हिरव्या बांगड्यांची. सांगून टाकायचं होतं त्या बाईला, की मी त्याची लग्नाची बायको आहे. जिभेवर आलं होतं. पण ते आलं तेव्हा त्याच्याबरोबर त्या तीन मुलीही आल्या, आणि त्यातली एक त्याच्या नाकाची. मैमुनाबीने गिळलं. मग नऊ वर्षं जपलेल्या सगळ्या प्रश्नांतून तिने एकच विचारला.

"जेवतो ना नीट?"

"हाकोबो? चांगला जाडजूड आहे," एल्विरा म्हणाली. याकूबचा तिकडे हाकोबो झाला होता. "तुला आवडली डवली? घे. पाहुण्याला रिकाम्या हाताने पाठवत नाहीत."

अजीज गाडी घेऊन न्यायला आला. खाडीच्या वळणावर मैमुनाबी म्हणाली, "मौलवीसाहेबांना सांग, मी इद्दत बसते."

अजीजने गाडी कडेला घेतली. "बुबू! खबर आली?"

"हो."

"कुणी सांगितलं? कधी झालं? कसं?"

"अजीज, खलास. मला विचारू नकोस. मी सांगणार नाही."

ही लबाडी होती, आणि मैमुनाबीला ते माहीत होतं. दुसरा निकाह तिला करायचाच नव्हता, कधी केलाही नाही. तेवढी वाट तिने बंद ठेवली. उरलेल्याचा जाब ती वर देणार होती. पण त्याने आधी मारलं होतं. त्याने एका वाक्यात आईला मारलं, बायकोला मारलं आणि मासे तळायला बसला. तिला नऊ वर्षं लागली.

घरी येऊन तिने बांगड्या उतरवल्या, फोडल्या नाहीत. पांढरी ओढणी घेतली, भिंतीला पाठ लावून बसली, आणि रडली. अशी रडली, की अजीजची बायको खतीजा घाबरून शेजारणींना बोलवायला धावली. ज्यांना बांगड्या खुपायच्या त्याच बायका आल्या, तिला पाणी पाजलं, पाठीवरून हात फिरवला. कुणी विचारलं नाही की का रडतेस. इद्दतीत बसलेल्या बाईला हा प्रश्न विचारत नाहीत, आणि मैमुनाबीला तेवढंच हवं होतं. एल्विराही आली. तिला फक्त एवढं कळलं होतं, की मायमूनाचा नवरा वारला. ती गळ्यात पडून हमसाहमशी रडली. "कुठे वारला?" तिने विचारलं. मैमुनाबीने तिचे डोळे पुसले आणि म्हणाली, "समुद्रावर."

चार महिने दहा दिवस झाल्यावर अजीजने याकूबच्या नावाने फातिहा ठेवला. मैमुनाबीने स्वतः नारळाच्या दुधातला भात केला, माशाचं कालवण केलं. पंगत बसली. खतीजा वाढायला पळी शोधू लागली, तर मैमुनाबीने तिच्या हातात डवली दिली.

"ही नवीन, बुबू? आपल्या जुनीसारखीच झालीय," खतीजा म्हणाली. "कुणी केली?"

"केली एकाने. वाढ तू."

मौलवीसाहेबांनी मरहूम याकूब परकार यांच्या मगफिरतीची, गुन्हे माफ होण्याची, दुआ मागितली. सगळ्यांनी आमीन म्हटलं, आणि त्याच्याच हातच्या डवलीने भात पानापानांत पडत गेला. मैमुनाबी चुलीपाशी बसून बघत होती. इतकी माणसं एकदम नाव घेतायत म्हटल्यावर तिकडे धक्क्यावर त्याला उचकी लागली असणार. लूपे पाणी देईल, तिच्या मनात आलं, आणि तिने पदराने डोळे पुसून खतीजाला सांगितलं, की कोपऱ्यातल्या म्हाताऱ्याला कालवण पोचलं नाही, त्याला आधी वाढ.