पेटीतली पांढरी दोन

२०२३ साल. मी एकाहत्तर वर्षांचा. शिक्षण चौथी, तेही कसंबसं. पण कंपनीत पस्तीस वर्षं वायरमन होतो. तेव्हा "काहीतरी वाजलं" म्हणून घाबरणाऱ्यांतला मी नाही. वाजलं म्हणजे कुठंतरी वायर लूज आहे, एवढंच मानत आलो. आजही मानतो... तो एक शनिवार सोडून.

आम्ही खाडीकाठच्या बोनकोड्याचे. गावच्या भजनात पेटी माझा मोठा भाऊ वाजवायचा. त्याचं सगळं भजन पांढरी दोनमध्ये, म्हणजे दुसऱ्या पांढऱ्या पट्टीच्या सुरात. डावीकडच्या पांढरी दोनच्या फटीत काडेपेटीची काडी खोचायचा, म्हणजे पट्टी दबून राहते, सूर भरत राहतो आणि बोटं मोकळी. दादा गेला, मग खाऱ्या हवेनं पेटीतल्या सुरांच्या धातूच्या पात्या गंजल्या, भाता उंदरांनी खाल्ला.

माझी मुलगी सुनंदा खारघरला कॉलेजात इलेक्ट्रॉनिक्स शिकवते. ती म्हणाली, "बाबा, पट्ट्या मोठ्या बाबांच्याच ठेवू. आवाज चिपमधून काढू, ऑर्गनसारखा. प्रोग्राम इंटरनेटवर फुकट आहे."

"फुकट देनाऱ्याला काय पडलीय? आत काय घातलं असंल कुनाला ठाव!"

"म्हणून तर उघडा ठेवलाय ना. कोणीही वाचावा, बदलावा."

मला पटलं नाही. पण वायरी जोडायच्या सोल्डरिंगला दुसऱ्याचा हात लागू दिला नाही. प्रत्येक पट्टीखाली एक बटन, बटनाच्या वायरी चिपच्या बोर्डाला, बोर्डातून आवाज स्पीकरला. एकच बटन माझ्या हातून जळालं — डावीकडची पांढरी दोन. नवं येईपर्यंत ती पट्टी तशीच सोडली. तिला वायरच नव्हती, हे नीट ध्यानात ठेवा.

शनिवारी दुपारी चारला सुनंदानं चालू केलं. चार-पाच पट्ट्या दाबल्या. आवाज झकास. तिनं हात उचलला... आणि सूर राहिला. पांढरी दोन. पट्टी खाली दबलेली, फटीत काडी नाही, काही नाही.

ती लॅपटॉप बघून म्हणाली, "बाबा, इथं एकही बटन दाबलेलं दिसत नाही."

मी मनात म्हटलं, हिचंच काम.

"तूच घातलंस हे प्रोग्राममदी. चौथी पास बापाची गंमत बघायला!"

स्वयंपाकघरातून बायको ओरडली, "अवो, प्रोग्राम काय बोट लावून पट्टी दाबतो?"

"तू गप!" तिथं थांबायला हवं होतं. मी नाही थांबलो. "मेलेल्या मानसाची चेष्टा करतेस? त्यानं मांडीवर बसवून तुला पेटी शिकवली. लाज नाय वाटत?"

सुनंदा रडली नाही. तिनं बोर्ड काढला, लॅपटॉपबरोबर बॅगेत टाकला. "आता तुम्हीच शोधा. मला पुन्हा बोलवू नका," म्हणाली आणि गेली.

दिवेलागणीला बायको देवापाशी होती. पेटीत बोर्ड नाही, वायरी लोंबतायत, फक्त स्पीकरचा प्लग तेवढा भिंतीत राहिला होता. आणि सूर आला. तोच. अर्थिंग नीट नसलं की स्पीकर घरघरतो, ती घरघर मला कळत नाही का? ती नव्हती. बायको निरांजन तसंच टाकून बाहेर आली. मी प्लग उपटला. आवाज बंद झाला. पट्टी मात्र दबलेलीच. तिला बोट लावायची माझी हिंमत झाली नाही, आता खोटं कशाला सांगू.

एक जुना रेडिओवाला म्हणतो, लोंबती वायर कुठलं तरी स्टेशन पकडते. पकडत असेल. पट्टी कोण दाबतं?

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला रिक्षा करून खारघर गाठलं. सुनंदानं दार उघडलं, "या" म्हणाली नाही. मी आजवर कुणाची माफी मागितलेली नाही. बाहेर उभ्यानंच म्हणालो, "बाय, माझं चुकलं. ती तू नव्हतीस."

"मग कोण होतं?"

"ते मना ठाव नाय. तू नव्हतीस, एवढं ठाव हाय."