खंडाच्या दिवसांतल्या सह्या

शालिनीताई गेल्याचं कळलं तेव्हा मी जयपूरच्या झालाना भागातल्या एका सरकारी कार्यालयात क्षयरोग कार्यक्रमाच्या आढावा बैठकीत बसले होते. त्यांच्या मुलीचा, पूर्वाचा, फोन आला. जयपूरमध्येच वाढलेली ही मुलगी माझ्याशी मात्र आग्रहाने मराठी बोलते. म्हणाली, “मावशी, आई गेली... मतलब, सकाळी उठलीच नाही.” मी व्हरांड्यात जाऊन उभी राहिले आणि थोड्या वेळाने परत आत येऊन बसले, कारण आमच्या दवाखान्याचा अहवाल वाचायचा राहिला होता. तो वाचला. या गोष्टीला आता सहा आठवडे झाले. अजून मला त्या वाचण्याची लाज वाटते.

शालिनी वानखडे मूळच्या अकोल्याच्या. लग्नानंतर जयपूरला आल्या आणि शास्त्री नगरजवळच्या आमच्या सरकारी दवाखान्यात थुंकीचे नमुने तपासायच्या कामावर लागल्या. मी डॉक्टर म्हणून तिथे रुजू झाले तेव्हा त्यांना सात वर्षं झाली होती. मी कायम, त्या कंत्राटी. दोघी मराठी म्हणून डबा एकत्र खायचो. वयाने त्या मोठ्या, म्हणून मी त्यांना ताई म्हणायचे. त्या मात्र शेवटपर्यंत मला मॅडमच म्हणत राहिल्या.

दर मार्चअखेर त्यांचं कंत्राट संपायचं आणि दोन दिवसांनी नवं सुरू व्हायचं. मधले दोन दिवस कागदावर त्या कुणीच नसायच्या. नोकरी सलग आहे असं पुढे कधी म्हणता येऊ नये, यासाठी हा खंड. पहिल्या वर्षी मी त्या दिवशी त्यांना सूक्ष्मदर्शकाशी बसलेलं पाहिलं आणि म्हटलं, ताई, आज हजेरीपटात तुमचं नाव नाही, घरी जा. डोळा न उचलता त्यांनी सांगितलं की काल ज्याने थुंकी दिली त्याला कंत्राट माहीत नाही. काचपट्टी तपासून झाली, तपासणीच्या रजिस्टरमध्ये निकाल लिहिला, खाली सही केली. मग हे दरवर्षीचंच झालं. मीही विचारणं सोडलं.

कायम करण्याची आश्वासनं येत गेली, जात गेली. बरोबरच्या कितीतरी जणी दुसरीकडे निघून गेल्या. “कंटाळा येऊन राहिला मॅडम,” असं त्या अधूनमधून म्हणायच्या आणि पुढची काचपट्टी उचलायच्या. अखेर नोकरीच्या एकोणिसाव्या वर्षी त्यांनी आणि आणखी चार टेक्निशियननी मिळून कोर्टात अर्ज केला. विभागाचं उत्तर अपेक्षितच होतं: सेवेत खंड आहे, त्यामुळे हक्क नाही. तेव्हा त्यांच्या वकिलाने तपासणीची जुनी रजिस्टरं मागितली. त्यांच्या नकला प्रमाणित करून देणं माझं काम होतं.

त्याच आठवड्यात वरून मला फोन आला. जुनी रजिस्टरं सापडत नाहीत असं कळवून टाका, म्हणाले. मी नाही म्हणाले नाही. हो पण म्हणाले नाही. पाहते, शोधते, असं करत तीन आठवडे काढले. रजिस्टरं माझ्याच खोलीतल्या कपाटात होती आणि त्यांना खाकी कागदाची कव्हरं शालिनीताईंनीच घातलेली होती. या काळात आम्ही डबाही वेगवेगळा खाल्ला. मग एका दुपारी त्या आत आल्या. मी बसा म्हटलं, तरी बसल्या नाहीत.

“मॅडम, तुमची नोकरी मले समजते. नकला नका देऊ. पण रजिस्टर हरवलं असं लिहू नका. त्यात माझी सही आहे, ते जाऊ द्या... पेशंटची नावं आहेत.”

त्या गेल्यावर मी कपाट उघडलं. दर मार्चअखेरच्या त्या दोन दिवसांच्या पानांवर खुणेच्या चिठ्ठ्या लावल्या. सगळ्या वर्षांच्या सह्या होत्या, एकही चुकली नव्हती. दुसऱ्या दिवशी नकला दिल्या. मला नंतर एक खुलासा द्यावा लागला, त्यापलीकडे काही झालं नाही. इतक्याशासाठी मी तीन आठवडे घाबरले होते.

दोन वर्षांनी निकाल लागला. पाचही जणी कायम झाल्या, पण नव्या नेमणुकीवर, दोन वर्षांच्या प्रोबेशनवर. पहिल्या सहामाहीचा अहवाल मलाच भरायचा होता. ‘उमेदवार काम शिकण्यास उत्सुक आहे काय?’ असा त्यात रकाना होता. मी तो त्यांना दाखवला. त्या खूप वेळ हसल्या. मग चष्मा पुसत म्हणाल्या, लिहा, आहे. प्रोबेशनच्या आठव्या महिन्यात त्या गेल्या. उरलेल्या चौघी आजही आपापल्या जागी आहेत.

प्रयोगशाळेच्या मागे भिंतीकडे तोंड करून एक लोखंडी स्टूल ठेवलेलं असतं. घुंगट घेणाऱ्या बायका चारचौघांत नीट खोकत नाहीत, नमुना वाया जातो, म्हणून ते ताईंनी तिथे नेऊन ठेवलं होतं. परवा खिडकीतून पाहिलं. नव्याने आलेली एक म्हातारी डबी हातात घेऊन अवघडून बसली होती. उपचार संपत आलेली दुसरी बाई तिच्या पाठीवर हात ठेवून उभी होती आणि कसं खोकायचं ते सांगत होती, “गले से नहीं माँजी, पेट से.” अगदी ताईंसारखं, ‘पेट’वर जोर देऊन. मग ती तोंड फिरवून थोडी दूर जाऊन थांबली. म्हातारीने घुंगट वर केला आणि छाती भरून श्वास घेतला.