वनौषधीचं बिल

नागपुरात बिल भरणारी माणसं लाखोंनी असतील, पण बिल वाचणारा माणूस एकच आहे आणि ते माझे साडू आहेत. माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे, म्हणजे ताईंचे, हे यजमान विक्रीकर खात्यातून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झाले, म्हणजे खात्याने त्यांना सोडलं. त्यांनी खात्याला अजून सोडलेलं नाही. बाकीची माणसं बिलाचा शेवटचा आकडा बघून खिशात हात घालतात. भाऊजी बिल हातात आलं की आधी चष्मा पुसतात, मग कानामागची पेन्सिल काढतात आणि समोर जो कोणी असेल त्याला म्हणतात, "थांब गा." त्यानंतर जो कोणी असेल तो थांबतो. एकदा सदर भागातल्या एका हॉटेलात आम्ही चौघं जेवायला गेलो होतो. बिल आलं, "थांब गा" झालं, वेटर थांबला, मग मॅनेजर येऊन थांबला आणि शेवटी गल्ल्यावरून उठून मालक आला. अर्ध्या तासाने बघतो तर मालक खुर्ची ओढून भाऊजींच्या शेजारी बसलाय आणि स्वतःचं विजेचं बिल त्यांना दाखवतोय. आमचं आइस्क्रीम तोवर पिण्याजोगं झालं होतं.

नंदनवन वस्तीत त्यांच्या घराजवळ पोह्यांची एक गाडी लागते. तिथे त्यांनी एका सकाळी असा मुद्दा काढला की तर्री वाटीत वेगळी दिली तर ती वस्तू आहे, पण पोह्यांवर ओतून दिली तर ती सेवा होते. तेव्हा या दोन्हींवर कर सारखा कसा लागेल? पोहेवाला गाडी लावायला लागल्यापासून कसलाच कर भरत नव्हता. तो हात जोडून म्हणाला, "काका, खाऊन घ्या ना, थंडं होऊन राहिलं." मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर एका डोळ्यावर पट्टी असताना दुसऱ्या डोळ्याने त्यांनी दवाखान्याचं बिल वाचलं आणि भिंगावरचा कर बरोबर लावल्याबद्दल डॉक्टरांचं उभं राहून अभिनंदन केलं. डॉक्टरांना वाटलं, पेशंट दृष्टी परत आल्याबद्दल आभार मानतो आहे. पांढुर्ण्याच्या बाजूला, मध्य प्रदेशात, सरकारी परवान्याचं भांगेचं दुकान दिसलं तेव्हा त्यांनी आमची गाडी थांबवायला लावली. खिडकीशी जाऊन ते बराच वेळ बोलत होते. आत भांग आहे याच्याशी त्यांना काही देणंघेणं नव्हतं, तिच्यावर शुल्क वजनावर लागतं की किमतीवर, एवढंच त्यांना हवं होतं. दुकानदाराला सांगता येईना, तेव्हा ते हळहळत परत आले आणि सावनेरपर्यंत दोन्ही पद्धतींनी हिशेब करत बसले.

हे सगळं ते कोणाला पकडण्यासाठी करतात असं मात्र समजू नका. "बिल म्हणजे सरकारनं जनतेले लिहिलेलं पत्र आहे गा," ते मला एकदा म्हणाले होते. "कोणी वाचतच नाई. सरकारले किती वाईट वाटत असन!"

या माणसाशी मी खोटं वागलो. आता सांगूनच टाकतो.

त्यांची एकुलती एक मुलगी अमेरिकेत असते. दोन वर्षांपूर्वी तिने आई-वडिलांच्या आधी मला फोन केला. लहानपणी ती तिच्या सगळ्या बातम्या आधी मला सांगून बघायची, ती सवय राहिली. "मावसाजी, नोकरी लागली. दुकानात, काउंटरवर. गांजाचं दुकान आहे. घाबरू नका, इकडे कायदेशीर आहे, सरकारी परवाना आहे. आत्ता बाबांना फोन लावते." मी म्हणालो, थांब. भाऊजींचं ब्लडप्रेशर, ताईंचा स्वभाव, नंदनवनातली ती कॉलनी, हे सगळं माझ्या डोळ्यांपुढून गेलं. मी हायस्कूलमध्ये मराठी शिकवतो. शब्द मला लवकर सुचतात, हा माझा दोष आहे. मी म्हणालो, "वनौषधी म्हण. वनस्पती आहे, तिकडे औषध म्हणूनही देतात. खोटं काहीच नाही." ती म्हणाली, "पण मावसाजी, बाबांना चालेल हो." मी म्हणालो, "तू ऐक माझं."

तिने ऐकलं. मग भाऊजींनी जे केलं त्याची मला कल्पना यायला हवी होती. महिन्याभरात कॉलनीतल्या प्रत्येक घराला कळलं की यांची पोरगी अमेरिकेत आयुर्वेदाचा प्रचार करून राहिली. माझा शब्द त्यांच्या तोंडी वाढत वाढत ऋषिमुनींपर्यंत जाऊन पोचला. शेजारचे निवृत्त पोस्टमास्तर रोज फाटकाशी येऊन विचारायचे, "भाऊ, पोरीले म्हणा, गुडघ्यासाठी काही पाठव." कोणाला केसांचं तेल हवं होतं, कोणाला पोट साफ व्हायला काही. भाऊजी सगळ्यांची नावं लिहून घेत. मी बेसा भागातल्या माझ्या घरून रविवारी त्यांच्याकडे जायचो, ती यादी बघायचो आणि चहा अर्धा सोडून उठायचो.

गेल्या हिवाळ्यात मुलीचा पुन्हा फोन आला. तिची नोकरी जायची वेळ आली होती. दुकानात मालावर एक किंमत लिहिलेली असते आणि काउंटरवर बिल होतं भलतंच मोठं. वर दोन-तीन प्रकारचे कर चढतात आणि गिऱ्हाईक भांडायला लागतं. ते कर कसे चढतात हे गिऱ्हाइकाला समजावून सांगणं तिचं काम होतं आणि तिला स्वतःलाच ते कळत नव्हतं. ती बेरीज करायची तर मशीनचा आकडा नेहमी थोडा जास्तच यायचा. मॅनेजरने महिन्याअखेरपर्यंत मुदत दिली होती. "मावसाजी, हे जगात फक्त बाबांना कळेल," ती रडवेली होऊन म्हणाली. "आता तरी सांगू त्यांना?"

मी पुन्हा म्हणालो, थांब. तिने पाठवलेल्या दोन बिलांच्या मी शाळेत प्रती काढल्या, मुलं भूगोलाचे नकाशे कापतात त्या कातरीने मालाच्या नावाची पट्टी दोन्हींवरून कापून टाकली आणि रविवारी सकाळी नंदनवनला गेलो.

भाऊजींनी परदेशी बिल हातात घेतलं तेव्हा त्यांचा चेहरा पहिल्यांदा नातू हातात घेतलेल्या माणसासारखा झाला होता. पाच मिनिटांत ते ओरडले, "अरे, सापडलं! अवं, डबे आण तुये!" ताई स्वयंपाकघरातून स्टीलचे डबे घेऊन आल्या. भाऊजींनी तांदळाचा डबा दारापुढच्या ओट्यावर ठेवला. "हा माल. समजा शंभराचा." त्यावर साखरेचा डबा ठेवला. "हे उत्पादन शुल्क. समजा दहा. आता विक्रीकर येते. पोट्टीले वाटते तो शंभरावर लागते. नाई! तो एकट्या मालाले नाई उचलत गा, मालाच्या डोक्यावर बसलेल्या शुल्कालेई उचलते. एकशे दहावर लागते. करावर कर!" आणि त्यांनी दोन्ही डबे एकदम उचलून दाखवले.

"माहा साखरेचा डबा ठेवा खाली," ताई म्हणाल्या. "सांडवान."

मी खुशीत उठलोच होतो. काम झालं होतं. तेवढ्यात डबे हातात तसेच धरून भाऊजी थबकले.

"भाऊ," ते हळूच म्हणाले, "वनौषधीवर उत्पादन शुल्क काहून लागन?"

मी म्हणालो, अमेरिकेत लागत असेल.

"नाई गा. उत्पादन शुल्क सरकार ज्याच्याकडे वाकडं पाहते त्याच्यावर लावते. पोट्टी दारू विकते का?"

"छे छे! दारू नाही हो!"

"तू 'दारू'वर जोर दिला," ते म्हणाले आणि दुसरं बिल उचललं. हे कोण्या आजारी गिऱ्हाइकाचं होतं. त्याच्याकडे आजारपणाचं सरकारी कार्ड होतं म्हणून विक्रीकर माफ होता, शुल्क मात्र होतं. भाऊजी येरझारा घालू लागले. आजाऱ्याले माफी, म्हणजे औषध. पण शुल्क लागते, म्हणजे नशा. दारूले कार्डावर माफी नसते. तंबाखूले त नसतेच. मग औषधई अन् नशाई, असा माल कोणता? त्यांचा चालण्याचा वेग वाढत गेला, पेन्सिल हवेत फिरू लागली आणि एकदम तो साठी उलटलेला माणूस ओट्यावर दोन्ही पायांनी उडी मारून ओरडला, "गांजा! सापडला! गांजा!" त्यांनी माझे हात धरले, मला गरकन एक फेरी मारायला लावली. "गांजाच आहे गा! दुसरं काई असूच शकत नाई! वा रे वा!"

पोस्टमास्तर भिंतीवरून डोकावले. "काय झालं भाऊ?"

"काई नाई," भाऊजी धापा टाकत आनंदाने म्हणाले, "कोडं सुटलं."

मग त्यांना कळलं की कोणाचं कोडं सुटलं. माझे हात त्यांनी अजून धरलेले होते. ते हळूहळू सैल झाले. ताई दारात उभ्या होत्या; त्या नुसतं "बापा!" म्हणाल्या आणि तिथेच खाली बसल्या.

भाऊजींनी बिलाची कापलेली कडा बोटाने चाचपली. "हे कापलं कोणं?"

"मी."

"बत्तीस वर्सं नोकरी केली. मालाचं नाव नसलेलं बिल घेऊन व्यापारी आला त मी त्याले दारातून परत पाठवत होतो." ते एवढंच म्हणाले. मला शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

त्यांनी तिथूनच मुलीला फोन लावला. तिकडे शनिवारची संध्याकाळ होती. पडद्यावर बापाचा चेहरा बघून तिला सगळं कळलं. भाऊजी खाकरून म्हणाले, "वही घे वं. अन् तीन डबे घे." डबे तिच्याकडे नव्हते, कॉफीचे पेले होते. पुढचा सव्वा तास भाऊजी अमेरिकन गिऱ्हाईक झाले. "काहून इतके लावले वं? पाटीवर त कमी लिहून आहेत! मालकाले बोलव!" असं ते हात नाचवत भांडत होते, पोरगी डोळे पुसत, हसत, पेल्यावर पेला ठेवून समजावत होती. चुकली की हे पुन्हा भांडायला पहिल्यापासून सुरुवात करत. ताईंनी आधी पदर तोंडाला लावला होता, शेवटी त्याच म्हणाल्या, "पटलं ना आता त्या गिऱ्हाइकाले? जेवा मंग."

तिची नोकरी टिकली. ते पेले अजून तिच्या काउंटरवर असतात म्हणे. कॉलनीला भाऊजींनी स्वतः घरोघर जाऊन खरं सांगितलं. पोस्टमास्तरांनी गुडघ्याचं काय म्हणून विचारलं, तर म्हणाले, "ते इथल्या कायद्यात बसत नाई. तिथल्या बसते. बाम लावा." ताई माझ्याशी पंधरा दिवस बोलल्या नाहीत. भाऊजी मात्र पूर्वीसारखेच बोलत होते, आणि त्यामुळे मला झोप येत नव्हती.

परवा मी त्यांना स्कूटरवरून सदरला नेत होतो. सिग्नलला थांबलो असताना मागून आवाज आला, "भाऊ, एक विचारू? पोट्टी मले भेत होती का गा? मी का तसा बाप आहो?"

मी मान मागे वळवली नाही. तेवढी हिंमत नव्हती. म्हणालो, "नाही भाऊजी. ती नाही भ्याली. ती तुम्हाला पहिल्याच दिवशी सांगणार होती. बाबांना चालेल, म्हणाली होती. मी भ्यालो. तो शब्दही माझाच."

"पहिल्याच दिवशी?"

"हो."

"चालन, म्हणे?"

"हो. अगदी असंच."

सिग्नल सुटला. मागचे हॉर्न वाजवायला लागले तरी मला गिअर टाकायचं सुचत नव्हतं. ते मला आता काय म्हणतील याची मी वाट बघत होतो, पण माझी त्यांना आठवणही राहिली नव्हती. आरशात त्यांचा चेहरा दिसत होता, उन्हात उजळलेला. दोनदा, तीनदा ते स्वतःशीच ओठ हलवून काहीतरी म्हणाले. बऱ्याच वेळाने, पार दुकानांपाशी पोचल्यावर, त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि अगदी मऊ आवाजात म्हणाले, "म्हणजे दोन वर्सं मी अन् पोट्टी बिलांवर गप्पा मारू शकलो असतो ना गा."

मी स्कूटर स्टँडवर लावली. "हो, भाऊजी," मी म्हणालो. या वेळी दुसरा शब्द शोधला नाही.