वक्तखान्यातली अडलेली घटका

परंड्यात किल्ल्याच्या खंदकाजवळ तीन खोल्यांची एक इमारत होती. पाटीवर उर्दूत आणि मराठीत ‘कालाभ्यास मंडळ’ लिहिलेलं. पण गाव तिला वक्तखाना म्हणायचं आणि आम्हाला वक्तखान्यातले येडे. मला भयंकर राग यायचा. राग माझ्या नाकावरच असतो आणि तोंडाला खळ नाही. शाळेतली पोरं माझ्या छडीला नव्हे, बडबडीला भ्यायची.

मंडळ काढलं होतं तहसील कचेरीतल्या एका निवृत्त पेशकारांनी. त्यांना आम्ही साहेब म्हणायचो. निजामाच्या नोकरीत त्यांनी जन्मभर कागदांवर तारखा घातल्या होत्या. सरकारी फसली, मशिदीतली हिजरी, पंचांगातली तिथी, आणि कागद सरहद्दीपलीकडं बार्शीला जायचा असला की इंग्रजी. एका दिवसाला चार नावं! त्यातून त्यांच्या डोक्यात किडा शिरला.

“पंचांगात तिथीचा क्षय होतो, मास्तर,” ते मला म्हणायचे, “मग घटकेचा का होऊ नये? अन् गेलेली घटका जाती कुठं?”

हे शोधायला आम्ही सहा जण पाळीपाळीनं बसायचो. घड्याळाला आत बंदी. तांब्याच्या घंगाळात पाणी, त्यावर बुडाला बारीक भोक असलेली वाटी सोडायची. पाणी आत चढत चढत वाटी बुडाली की एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटं. साहेब समोर बसून स्वतःच्या मनगटावर बोटं ठेवून ठोके मोजायचे. नियम दोनच. ज्यानं वाटी सोडली त्यानं ती बुडेपर्यंत उठायचं नाही. आणि बुडाली की ‘पुरी’ म्हणायचं, ‘भरली’ चुकूनही नाही. घटका भरते ती मरणाऱ्या माणसाची.

त्या साली माझी बायको दुसऱ्यांदा गरोदर होती. पहिलं मूल जन्मताच गेलं तेव्हा मी लोहाऱ्याच्या शाळेवर होतो. ती एकटी रडली, ते मला कधी विसरता आलं नाही. या खेपेला तिनं माझा हात धरून सांगितलं, “काय बी करा, पण माझ्या उशाशी बसा. एकटीला लई भ्या वाटतंय.” पुरुष माणूस बाळंतिणीच्या खोलीत कसा, म्हणून आईनं घर डोक्यावर घेतलं. मी म्हटलं, बसणार म्हणजे बसणार.

खुर्दाद महिना, म्हणजे आपला चैत्र. भर दुपारी मी वाटी पाण्यावर सोडली आणि खिडकीशी शेजारीण आली. “मास्तर, चला बिगी बिगी. कळा लागल्यात, तुमच्याच नावानं हाका मारतीया.”

मी अर्धा उठलो. साहेबांनी नुसतं माझ्याकडं बघितलं. आठच दिवसांपूर्वी एक जण घटका सोडून उठला म्हणून मीच त्याला चारचौघांत फाडून खाल्लं होतं. आता कोणत्या तोंडानं उठू? चोवीस मिनिटांचा तर प्रश्न, असं म्हणून मी खाली बसलो. माझ्यासारखा गाढव मीच.

वाटी काठापर्यंत भरली आणि तिथंच अडली. पाणी काठाला लागलेलं, बुडाच्या भोकातून आत येताना दिसत होतं, पण वाटी खाली जाईना. आत येणारं पाणी कुठं चाललं होतं कोण जाणे. बाहेरच्या लिंबावरचे कावळे गप्प झाले. साहेबांचे ओठ ठोके मोजताना हलायचे, ते थांबले. बोटं मनगटावरच होती.

“साहेब?”

“लागत न्हाय,” ते हळूच म्हणाले. “ठोकाच लागत न्हाय, मास्तर.”

माझं डोकंच फिरलं. मी बोटानं वाटी दाबून बुडवली आणि ओरडलो, “भरली! घ्या, भरली एकदाची घटका!”

साहेबांनी मान वर केली. “कुणाची?”

चपला तिथंच टाकून मी धावत सुटलो. फुफाट्यानं पाय भाजत होते. आपणच तिला मारलं, एवढंच डोक्यात होतं. दारात आई भेटली. तिच्या हातात कढत पाण्याचं भांडं होतं.

“आता गं बया! आत्ता तर आत व्हतास, मुडद्या. भाईर कवा गेलास?”

आतून पोराचा ट्याहां ऐकू आला. सुईण नाळ कापून हात धूत होती. ती मला म्हणाली, “एवढ्या बायकांत धिटाईनं बसलास बाबा. असा नवरा म्या पाह्यला न्हाय.” बायको घामानं भिजलेली, पण जिवंत. तिच्या उशाशी पाट मांडलेला होता. मी त्याला हात लावला. पाट गार पडला होता, त्या उन्हाळ्यात.

मी कुणालाच काही बोललो नाही. माझ्यासारख्याला हे किती जड गेलं असेल! महिन्याभरात साहेबांनी वक्तखान्याला कुलूप लावलं. पुढं निजाम गेला, तारखा एकच झाल्या, पोरगा मोठा झाला. बायको मात्र दर वाढदिवसाला बायकांना सांगायची, आमचे हे कसे हात धरून उशाशी बसले होते. मी मान खाली घालून जेवायचो.

एका वाढदिवसाला मला ते सोसवेना. बायका गेल्यावर मी तिच्यावरच खेकसलो, “बास कर! मी नव्हतो त्या दिवशी. मी वक्तखान्यात होतो. मी तुला दगा दिला.”

ती ताटं आवरत होती. हातातलं काम न थांबवता म्हणाली, “ठावं हाय मला.”

“ठावं हाय? कधीपासनं?”

“तवापासनंच. उशाशी बसलेला त्यो शेवटपर्यंत एक शब्द बोलला न्हाय. तुमी इतका येळ गप बसाल व्हय?”

मी विचारलं, “मग हात का नाही सोडवलास?”

तिनं ताटं खाली ठेवली. “अवो, कळा चालू होत्या,” ती म्हणाली. “अन् तुमी आला न्हवतात.”