दिवाळीची सुट्टी आईकडे

शकूताईच्या शेजारच्या लक्ष्मीचा फोन आला, "बाई, शकूबाई सकाळी उठल्याच नाहीत..." तेव्हा मी निर्मलला माझ्या घरी गवार मोडत बसले होते. रडू मागून आलं. आधी डोक्यात आलं ते हे, की आता तिच्या मंजूला तिथं किती दिवस राहू देतील? शकूताईच्या मरणातसुद्धा तिच्या पोरीच्या दिवसांचा हिशेब मनात यावा, इतकी माझी बुद्धी त्या माणसांनी नासवून ठेवली होती. महिना होत आला, राग उतरत नाही, म्हणून लिहायला बसले.

शकूताई आणि मी आदिलाबाद जिल्ह्यातल्या बोथच्या मराठी शाळेत शिकवायचो आणि भिंतीला भिंत लावून राहायचो; निर्मलला मी निवृत्तीनंतर आले. तिचा आवाज असा खणखणीत, की तिनं पाढे सुरू केले की माझ्या वर्गातली पोरंही म्हणू लागत. नवरा आदिलाबादला सरकारी नोकरीत. त्याचा हात चालायचा, त्यामुळं ती वेगळी झाली याचं मला मुळीच वाईट वाटलं नाही. वाईट वाटलं ते पुढच्या बैठकीचं. मंजू तेव्हा दुसरीत होती.

बैठक शकूताईच्याच घरी बसली. तिच्याच घरात, तिच्याच हातचा चहा पिऊन, तिच्याच पोरीची वाटणी! मुख्य आसनावर नवऱ्याचे मामा, खास नागपूरहून आलेले, समाजात वजन असलेले. मी स्वयंपाकघरात भजी तळत होते, सगळं ऐकू येत होतं. पोरगी बापाकडं राहील, कारण आदिलाबादला इंग्रजी शाळा, "इथं बोथात काय आहे?" गावभरची पोरं जिच्या हाताखाली शिकत होती, तिच्यासमोर हे बोलणं. उन्हाळ्यात पोरगी आजीसोबत नागपूरला. मग मामा मोठ्या मनानं म्हणाले, "दिवाळीची सुट्टी मात्र पूर्ण आईकडं. आपण काही कसाई नाही." नागपुरात दिवाळीची सुट्टी चांगली तीन आठवड्यांची असते. आमच्या तेव्हाच्या आंध्रातल्या शाळांना मोठी सुट्टी दसऱ्याला आणि संक्रांतीला. दिवाळीचा एक दिवस, बस्स.

शकूताई दारातून म्हणाली, "मामाजी, आपल्याकडं दिवाळीची एकच दिवस सुट्टी राह्यते. दसऱ्याची लिहा."

"मोठी माणसं बोलून राह्यली ना बाई? भजी पाठव," मामांनी मानही वर केली नाही. त्यांना खरंच ठाऊक नसेल, असं मी क्षणभर धरून चालते. पण शेजारी बसलेला नवरा? तो तर आदिलाबादच्या शाळेतच शिकलेला. तो खाली बघून हसला... भज्यांचं ताट घेऊन मी दाराशी आले होते, मी ते हसू पाहिलं आहे. शकूताईच्या वडिलांनी तिच्या हातात पेन दिलं, म्हणाले, "सही कर पोरी, नाहीतर एवढंही मिळणार नाही." तिनं सही केली. कोर्टानं ती तडजोड जशीच्या तशी मान्य केली, आणि नंतर वकील दरवेळी एकच सांगायचा, तुम्ही लिहून दिलंय, आता काय करणार?

पुढची सगळी वर्षं दिवाळीच्या सकाळी आदिलाबादच्या बसमधून मंजू उतरायची आणि दुसऱ्या सकाळी परत चढायची. शकूताई त्या एका दिवसात सगळी दिवाळी बसवायची. आल्या आल्या उटणं, मग फराळ, दुपारी रांगोळी, संध्याकाळी पूजा, आणि पोर पेंगत असतानाच पाडव्याचं ओवाळणं. "आमची दिवाळी एक्सप्रेस बस आहे, मधात थांबे नाहीत," असं हसून म्हणायची. एका वर्षी दिवाळी रविवारी आली. बापाकडून निरोप आला, रविवार तर तसाही सुट्टीचाच, म्हणजे यंदा दिवाळीची सुट्टी नाही. थू! दसऱ्याच्या सुट्टीत तीच पोरगी तासा-दीड तासावर नुसती बसून असायची, आणि इकडं तिची आई रिकाम्या शाळेच्या पायरीवर.

मंजू मोठी झाली, हैदराबादला नोकरीला लागली. मी म्हटलं, आता कोण अडवतंय, बोलाव की महिनाभर. शकूताई म्हणाली, "बोलावते नं गं. पण तिला सवयच नाही. दुसऱ्या दिवशी सकाळ झाली की ती आपोआप चप्पल घालते."

तेराव्याला मामा आले. आता काठी लागते, पण जेवण झकास. दुसऱ्यांदा बुंदी घेत म्हणाले, "बाई मोठी समजूतदार. कधी एका शब्दानं भांडली नाही." पंगतीत चार माना हलल्या. मला अशी शिसारी आली, की बुंदीचं भांडं त्यांच्यापुढंच ठेवून मी आत निघून आले. बाहेर मंजूच्या बापाची गाडी उभी होती आणि तो अंगणातून हाका मारत होता, "मंजू, आटप. अंधाराच्या आत निघायचंय."

मंजू आत आईचं लुगड्यांचं कपाट आवरत होती. वरचे खण साड्यांनी गच्च भरलेले, मधला मात्र अगदी रिकामा. त्यात नवा कागद अंथरलेला, कोपऱ्यात डांबराच्या गोळ्या.

"मावशी, हा खण काऊन रिकामा?"

"तुझा आहे," मी म्हटलं. "दर दिवाळीच्या आधी ती त्यातला कागद बदलायची."

"मला कधी बोलली नाही."

"काय बोलणार? एका रात्रीसाठी कोणी पिशवीतले कपडे काढतं का?"

खाली बसून तिनं बॅगेची चेन उघडली, आणि एकेक कपडा घडी घालून त्या खणात ठेवू लागली. ओढणी, गाऊन, टॉवेल. बाहेरून पुन्हा हाक आली. मंजू मान न वळवता म्हणाली, "मावशी, त्यांना सांगा, गाडी घेऊन जा म्हणावं."

मी अंगणात गेले आणि सांगितलं.